हॅरी बर्न: पत्रामागची नियमावली

१८ ऑगस्ट १९२० रोजी टेनेसी राज्याच्या कनिष्ठ सभागृहात हॅरी बर्न या चोवीस वर्षांच्या आमदाराने ऐनवेळी बाजू बदलली आणि अमेरिकी राज्यघटनेच्या एकोणिसाव्या दुरुस्तीला, म्हणजे स्त्रियांच्या मताधिकाराला, लागणारी शेवटची मंजुरी मिळाली. आईच्या पत्रामुळे मुलाचे मन बदलले, ही गोष्ट सर्वत्र सांगितली जाते. पत्र खरेच आहे. पण त्याला एवढे वजन का आले, याचे उत्तर टेनेसीची घटना आणि सभागृहाचे नियम यांत सापडते.

बर्नचा जन्म १२ नोव्हेंबर १८९५ चा, पूर्व टेनेसीतल्या मॅकमिन परगण्यातल्या नायोटा गावचा. शिक्षण तिथल्या हायस्कूलपर्यंत, मग सदर्न रेल्वेत नोकरी. १९१८ च्या नोव्हेंबरमध्ये, तेविसावे वर्ष पुरे व्हायच्या आधीच, तो रिपब्लिकन पक्षातर्फे निवडून आला. आमदारकी तेव्हा पोटापाण्याचा धंदा नव्हती. १८७० च्या राज्यघटनेप्रमाणे भत्ता दिवसाला ४ डॉलर, तोही नियमित अधिवेशनात जास्तीत जास्त ७५ दिवसांचा आणि विशेष अधिवेशनात २० दिवसांचा. नियमित अधिवेशन एक वर्षाआड. आमदार झाल्यावरही बर्नची रेल्वेची नोकरी सुटली नाही, यात काही नवल नाही.

काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, दुरुस्ती जून १९१९ मध्ये राज्यांकडे पाठवली. आपल्याकडे काही घटनादुरुस्त्यांना निम्म्या राज्यांची संमती पुरते. अमेरिकेत तीन चतुर्थांश लागतात, म्हणजे त्या वेळच्या ४८ पैकी ३६. मार्च १९२० पर्यंत ३५ झाली आणि गाडी अडली. टेनेसीत एक जादा अडचण होती. दुरुस्ती राज्यांकडे आल्यानंतर निवडून आलेल्या विधिमंडळानेच तिच्यावर निर्णय घ्यावा, असे तिथल्या घटनेच्या दुसऱ्या अनुच्छेदाचे ३२ वे कलम सांगत होते. हे विधिमंडळ तर १९१८ चे. मात्र १ जून १९२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने ओहायोच्या खटल्यात ठरवले की, मंजुरीचा अधिकार विधिमंडळाला थेट संघराज्याच्या घटनेतून मिळतो, राज्याला त्यावर सार्वमताची अट घालता येत नाही. त्या निकालाने ३२ व्या कलमातली हवा गेली. मग अध्यक्ष विल्सन यांच्या आग्रहाने गव्हर्नर अल्बर्ट रॉबर्ट्स यांनी ९ ऑगस्टपासून विशेष अधिवेशन बोलावले.

राज्याची राजधानी नॅशव्हिल इथल्या हर्मिटेज हॉटेलात दोन्ही बाजूंनी तळ ठोकला. समर्थकांच्या कोटावर पिवळा गुलाब, विरोधकांच्या लाल. राज्यात दारूबंदी असूनही त्या हॉटेलात व्हिस्कीची चणचण भासली नाही. राज्याच्या सिनेटने, म्हणजे वरिष्ठ सभागृहाने, १३ तारखेला २५ विरुद्ध ४ मतांनी मंजुरी दिली. खरी लढत ९९ जणांच्या कनिष्ठ सभागृहात होती.

१८ तारखेला ९६ जण हजर होते. सभापती सेथ वॉकर विरोधी गोटातले. ठराव थेट पाडण्याऐवजी तो बाजूला ठेवण्याचा प्रस्ताव त्यांनी मांडला: तो संमत झाला असता तर काम तिथेच संपले असते आणि कुणाला उघडपणे स्त्रियांविरुद्ध मत देण्याची पाळी आली नसती. नावे पुकारून मते घेतली: ४८-४८. फेरमोजणी: पुन्हा ४८-४८. या दोन्ही वेळा बर्न वॉकर यांच्याच बाजूला होता, लाल गुलाब लावून. बरोबरीत प्रस्ताव पडतो, म्हणून मूळ ठराव मतास आला. आता उलटा हिशेब: इथे बरोबरी झाली तर ठरावच पडणार. इंग्रजी आद्याक्षरांच्या यादीत बर्नचे नाव सुरुवातीलाच येते. तो ‘हो’ म्हणाला. बँक्स टर्नर यांनी आधी मत राखून ठेवले आणि शेवटी ‘हो’ नोंदवले. निकाल ४९-४७.

बर्नच्या खिशात आई फेब बर्न यांचे सात पानी पत्र होते. घरच्या गोष्टींमध्येच मताधिकाराला मत दे, असे त्यात होते, आणि त्याच भागातले सिनेटर कँडलर यांचे भाषण फार कडवट वाटल्याची तक्रारही. दुसऱ्या दिवशी लाचेचा आरोप झाला, तेव्हा बर्नने सभागृहाच्या नोंदवहीत निवेदन दिले. आईचा सल्ला त्यात आहे. पण मंजुरी देण्याचा नैतिक व कायदेशीर हक्क आहे हा मुद्दाही आहे, आपल्या पक्षाला श्रेय मिळावे ही इच्छाही आणि पूर्व टेनेसीच्या शुद्ध अँग्लो-सॅक्सन वंशाचा अभिमानही. हे शेवटचे वाक्य उत्सवी लेखांत गाळले जाते. ते गाळू नये. दक्षिणेतल्या बहुतेक कृष्णवर्णीय स्त्रियांना प्रत्यक्ष मतदानासाठी १९६५ च्या मताधिकार कायद्यापर्यंत थांबावे लागले.

आता वॉकर यांची चूक. फेरविचाराचा प्रस्ताव जिंकलेल्या बाजूचा सदस्यच मांडू शकतो, म्हणून त्यांनी आपले मत ‘हो’ असे बदलले. निकाल झाला ५०-४६. सभागृहाच्या एकूण संख्येचे निखळ बहुमत ५० होते; ४९ मतांवर आक्षेप घेता आला असता, तो वॉकर यांनी स्वतःच्याच हाताने मिटवला. फेरविचारासाठी मिळालेल्या मुदतीत त्यांना एकही माणूस फोडता आला नाही. मग तीसहून अधिक विरोधक रातोरात रेल्वेने अलाबामातल्या डिकेटरला निघून गेले, कारण गणपूर्तीला दोन तृतीयांश सदस्य लागत. उरलेल्यांनी २१ तारखेला कामकाज उरकलेच. न्यायालयाचा मनाई हुकूम उठल्यावर २४ तारखेला गव्हर्नरांनी सही केली आणि २६ ऑगस्टला परराष्ट्रमंत्री बेनब्रिज कोल्बी यांनी दुरुस्ती जाहीर केली. महिनाअखेरीस परतलेल्या विरोधकांनी मंजुरी फिरवणारा ठराव केला, पण वॉशिंग्टनने तो मोजला नाही. १९२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही राज्याने पाठवलेले प्रमाणपत्र अंतिम मानले.

बर्न त्याच नोव्हेंबरमध्ये थोडक्यात पुन्हा निवडून आला. १९२३ मध्ये वकिलीची सनद, १९३० मध्ये गव्हर्नरपदासाठी पक्षांतर्गत निवडणुकीत पराभव, पुढे राज्य सिनेट आणि रॉकवूडच्या एका बँकेचे अध्यक्षपद. टेनेसीच्या १९५३, १९५९, १९६५ आणि १९७१ च्या घटना परिषदांत तो प्रतिनिधी होता. पैकी १९५३ च्या परिषदेतून १८७० नंतरच्या पहिल्या दुरुस्त्या निघाल्या: मतदानासाठीच्या डोईपट्टीची तरतूद गेली, गव्हर्नरांची मुदत दोनाची चार वर्षे झाली आणि आमदारांचा भत्ताही वाढला. १९ फेब्रुवारी १९७७ रोजी बर्नचे निधन झाले.