‘डिपोनंट’ क्रियापदांची पार्श्वभूमी

लॅटिनमध्ये ‘सेक्वितुर’ म्हणजे ‘मागोमाग जातो’. रूप कर्मणी, अर्थ कर्तरी. अशा क्रियापदांना रोमन वैयाकरणांनी ‘देपोनेन्स’, म्हणजे ‘उतरवून ठेवणारे’, असे नाव दिले; इंग्रजीत तेच ‘डिपोनंट’. या क्रियापदांनी कर्मणी अर्थ टाकून दिला, हा त्यामागचा प्रचलित खुलासा. सगळा घोळ या नावाने घातला आहे. टाकायची वस्तू आधी जवळ असावी लागते, आणि ‘सेक्वितुर’चा मूळ अर्थ कर्मणी होता असे मानायला आधार नाही.

संस्कृत शिकलेल्याला हे चटकन पटेल. ‘सेक्वितुर’चे सख्खे भावंड ‘सचते’, ‘मोरितुर’चे (मरतो) ‘म्रियते’. दोन्ही आत्मनेपदी. क्रियेचा परिणाम कर्त्यावरच होतो, हे सांगणारा प्रयोग लॅटिन आणि संस्कृतची पूर्वज असलेल्या मूळ इंडो-युरोपीय भाषेतच होता. लॅटिनने पुढे त्याच रूपांकडे कर्मणीचे काम सोपवले. म्हणजे डिपोनंट हे घरचे जुने रहिवासी. कर्मणी नंतर आले.

एकोणिसाव्या शतकात तुलनात्मक अभ्यासाने जोर धरला. ‘सेक्वितुर’सारख्या रूपांतला शेवटचा ‘र’ हा ‘से’ (स्वतःला) या सर्वनामाचा अवशेष, असे तेव्हा मांडले गेले. लॅटिनमध्ये दोन स्वरांमधल्या ‘स’चा ‘र’ होतोच, म्हणून ते पटण्यासारखेही होते. पण जुन्या आयरिशमध्ये ‘मागे जातो’ला ‘सेखिथिर’ म्हणतात. तिथेही शेवटी ‘र’, आणि आयरिशमध्ये असा ‘स’ गळून पडतो, त्याचा ‘र’ होत नाही. विसाव्या शतकाच्या पहिल्या दोन दशकांत तोखारी आणि हित्ती या त्याच कुळातल्या प्राचीन भाषा वाचता येऊ लागल्या. त्यांतही हा ‘र’ सापडला आणि ‘से’चा दावा निकालात निघाला.

शब्दसिद्धीकडे लक्ष गेले ते त्यामानाने उशिरा. ‘दोमिनुस’ (मालक) यावरून ‘दोमिनारी’, मालकी गाजवणे. ‘ग्रेकुस’वरून ‘ग्रेकारी’, ग्रीकांसारखे राहणे. नामांवरून आणि विशेषणांवरून नवी डिपोनंट घडत होती, म्हणजे या रूपांचा अर्थ बोलणाऱ्यांना जाणवत होता. पाठ्यपुस्तके मात्र त्यांना अपवाद म्हणून घोकायला लावतात, आणि विद्यार्थ्यांचे यात खरोखर नुकसान होते.

बोलीत ही रूपे लवकरच ढासळू लागली. पहिल्या शतकातल्या एका लॅटिन कथेत मेजवानीला आलेला गोधड्यांचा व्यापारी ‘तू बोलतोस’साठी ‘लोक्वेरिस’ऐवजी सरळ ‘लोक्विस’ म्हणतो. पुढे इटालियनमध्ये ‘मोरितुर’चे ‘म्वोरे’ झाले, इकडे ‘म्रियते’ जाऊन मराठीत ‘मरतो’ आले.