स्मार्टफोनमधील घड्याळ : जुळवणी व दोषनिवारण

स्मार्टफोनच्या पडद्यावरील तारीख व वेळ अचूक ठेवण्याची आणि ती चुकल्यास कारण शोधून दुरुस्त करण्याची पद्धत. फोन आत जी वेळ साठवतो ती भारतीय वेळ नसते. १ जानेवारी १९७० च्या यूटीसी (जागतिक प्रमाण वेळ) मध्यरात्रीपासून किती सेकंद लोटले, एवढी एकच संख्या तो मोजत राहतो. तिच्यात टाइम झोनचा फरक मिळवला की पडद्यावरची वेळ तयार होते. भारतासाठी हा फरक अधिक ५ तास ३० मिनिटे आहे.

घड्याळ चुकले म्हणजे सेकंदांची मोजणी चुकलेली असते किंवा टाइम झोन. यांतले काय बिघडले हे ठरवल्याशिवाय आकड्यांना हात लावू नये. रत्नागिरी, रायगड जिल्ह्यांतील पुष्कळ घरांतली माणसे नोकरीनिमित्त आखातात असतात. सुट्टीवर आलेल्या माणसाच्या फोनात झोन आपोआप बदलण्याची सोय बंद असेल, तर चिपळूणला घरी पोहोचल्यावरही फोन दुबईची वेळ दाखवतो : सकाळचे १० वाजलेले असताना ८.३०. मग घरातले कोणी तरी आकडे सरकवून १० करते. वेळ बरोबर दिसू लागते, पण झोन दुबईचाच राहिल्याने फोनच्या हिशेबी यूटीसी ४.३० ऐवजी ६ होतात. आधी झोन तेवढा चुकलेला होता. आता मोजणीही दीड तास पुढे गेली, आणि दोन चुका एकमेकींना झाकून बसल्या.

याचा परिणाम भलतीकडेच दिसतो. दर ३० सेकंदांनी बदलणारा सहा अंकी कोड दाखवणारी सुरक्षा-ॲप टाइम झोन पाहत नाहीत, फक्त मोजणी पाहतात. त्यामुळे दुबईची वेळ दाखवणारा फोन खरा कोड देतो आणि हाताने ‘दुरुस्त’ केलेला फोन खोटा. (एसएमएसने येणाऱ्या ओटीपीला ही अडचण नाही; तो बँकेकडेच तयार होतो.) मोजणी काही दिवसांइतकी किंवा वर्षांइतकी चुकली तर ब्राउझर संकेतस्थळांची ओळख पटवणारी प्रमाणपत्रे नाकारतो, कारण प्रत्येक प्रमाणपत्रावर ‘या तारखेपासून या तारखेपर्यंत वैध’ असे लिहिलेले असते. पैसे भरण्याची ॲप उघडत नाहीत, व्हॉट्सॲप तारीख तपासण्याची सूचना देते, आणि लोक नेटवर्कला दोष देत बसतात.

*फरकावरून निदान.* एखाद्या खात्रीच्या घड्याळाशी ताडून फोन किती चुकला ते मिनिटांपर्यंत लिहून घ्यावे. आज वापरात असलेले झोन जवळजवळ सगळे पाव तासाच्या पटीत आहेत. म्हणून फरक नेमका १५, ३०, ९० मिनिटे असा निघाला तर संशय झोनवर घ्यावा. ७ मिनिटे २० सेकंद असा निघाला तर मोजणीवर. दीड तास मागे म्हणजे दुबई किंवा मस्कत, अडीच तास मागे म्हणजे कुवेत, कतार किंवा सौदी अरेबिया. अर्धा तास मागे असेल तर यादीत कराची किंवा ताश्कंद निवडले गेले आहे, अर्धा तास पुढे असेल तर ढाका, पाव तास पुढे असेल तर काठमांडू. साडेपाच तास मागे म्हणजे झोन यूटीसीवर पडला आहे. बरोबर १२ तासांचा फरक असेल तर हाताने वेळ भरताना एएम-पीएमची गल्लत झाली आहे, आणि ती तारीख भर दुपारी बदलू लागल्यावर लक्षात येते.

तारीखच काही वर्षे मागे गेली असेल तर बॅटरी पूर्ण रिकामी झाली होती असे समजावे. फोन बंद असतानाही घड्याळाचा भाग थोडी वीज घेत असतो. बहुतेक फोनांत त्यासाठी वेगळा सेल नसतो, मुख्य बॅटरीवरच तो चालतो. ती पार उतरली की मोजणी शून्यावर येते आणि फोन ‘१ जानेवारी १९७०, पहाटे ५.३०’ दाखवतो. साडेपाचच का, तर शून्यात भारताचा फरक मिळवल्यावर तेवढेच उरतात. अनेक फोन १९७० ऐवजी त्यांचे सॉफ्टवेअर तयार झाल्याची तारीख घेतात. ३ जून २०२० च्या निसर्ग चक्रीवादळानंतर श्रीवर्धन, मंडणगड, दापोली या पट्ट्यात वीज आणि मोबाइल सेवा दोन्ही दीर्घकाळ बंद होत्या. अशा परिस्थितीत चार्ज करून सुरू केलेल्या फोनला बरोबर वेळ विचारायला कोणीच नसते, आणि त्या वेळी काढलेल्या पडझडीच्या छायाचित्रांवर जुनी तारीख बसते. पंचनाम्यासाठी छायाचित्रे काढण्यापूर्वी तारीख हाताने भरून घेणे म्हणूनच महत्त्वाचे.

*वेळेचे स्रोत.* पहिला स्रोत मोबाइल मनोरा. मनोऱ्याकडून वेळ व झोन पाठवण्याच्या या सोयीला नित्झ म्हणतात. ती साधारण १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात जीएसएम या मोबाइल नेटवर्कच्या मानकात आली आणि कंपन्यांवर बंधनकारक नाही. झोन पाव तासांच्या मापात येतो, म्हणजे भारतासाठी २२. हा संदेश मुख्यतः फोन नेटवर्कवर नोंदला जातो तेव्हा येतो. घरात एकाच जागी पडून असलेल्या फोनला तो पुष्कळ काळ न मिळण्याची शक्यता असते. दुसरा स्रोत इंटरनेटवरून वेळ पुरवणारी एनटीपी सेवा. डेव्हिड मिल्स यांनी मांडलेल्या या पद्धतीचा पहिला दस्तऐवज १९८५ चा, सध्याची चौथी आवृत्ती २०१० ची. एनटीपी फक्त यूटीसी देते, झोन देत नाही. म्हणून वायफायवर असलेल्या, सिम नसलेल्या फोनची मिनिटे अचूक आणि तास चुकीचे, असे होऊ शकते. जुन्या अँड्रॉइडमध्ये मनोऱ्याला प्राधान्य असे, अँड्रॉइड १२ पासून मूळ मांडणीत एनटीपीला आहे. हा बदल योग्यच म्हणावा लागेल, कारण नित्झच्या मानकात सेकंदांच्या अचूकतेची हमी नाही. भारतीय प्रमाण वेळ राखण्याचे काम नवी दिल्लीची राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळा करते.

स्रोत नसताना फोन स्वतःच्या स्फटिकावर चालतो. बंद अवस्थेत वेळ राखणारा क्वार्ट्‌झ स्फटिक बहुधा सेकंदाला ३२,७६८ आंदोलनांचा असतो. तो २५ अंश सेल्सिअसच्या आसपास सर्वांत बरोबर चालतो आणि त्याहून गरम किंवा थंड झाला तरी मागेच पडतो. ४५ अंशांवर ही पिछेहाट दिवसाला साधारण १.२ सेकंद होते. कोकण रेल्वेच्या करबुडे येथील साडेसहा किलोमीटर बोगद्यात रेंज गेली म्हणून घड्याळ चुकणार नाही, आठवडाभर समुद्रात असलेल्या फोनचेही काही सेकंदच इकडेतिकडे होतील. कित्येक मिनिटांचा फरक दिसला तर स्फटिकाला दोष न देता आधी हाताने केलेला बदल शोधावा.

*जुळवणी.* सेटिंग्जमध्ये ‘तारीख आणि वेळ’ हे पान बहुतेक अँड्रॉइड फोनांत ‘सिस्टम’ खाली असते, सॅमसंगमध्ये ‘सामान्य व्यवस्थापन’ खाली, शाओमीत ‘अतिरिक्त सेटिंग्ज’ खाली; आयफोनमध्ये ‘जनरल’ मध्ये. तेथे वेळ आपोआप आणि झोन आपोआप अशी दोन वेगळी बटणे असतील तर दोन्ही सुरू करावीत. आयफोनमध्ये एकच असते. तरीही वेळ सुधारली नाही तर विमान मोड अर्धा मिनिट लावून काढावा. फोन पुन्हा नोंदला जातो आणि ताजा संदेश येतो. तेवढ्यानेही न भागल्यास वायफाय जोडून फोन बंद-चालू करावा. हाताने भरण्याची पाळी आलीच तर क्रम कधीही बदलू नये : आधी झोन, मग तारीख, शेवटी वेळ. काही फोनांच्या यादीत मुंबई सापडत नाही. तेथे ‘भारत’ किंवा ‘कोलकाता’ निवडावे. मुंबई नाही म्हणून शेजारचे दुसरेच शहर निवडणे, ही अर्ध्या तासाच्या चुकीची नेहमीची वाट आहे.

*कोलकाता का?* फोनमधील झोनचे कोष्टक ज्या जागतिक संग्रहातून येते, त्यात १९७० पासून एकच वेळ पाळणाऱ्या प्रदेशाला एकच नोंद मिळते. भारताची नोंद आधी ‘कलकत्ता’ नावाने होती, २००८ च्या सुमारास ती ‘कोलकाता’ झाली. तिच्यातला इतिहासही त्या शहराच्या बाजूने लिहिलेला आहे : आरंभी ५ तास ५३ मिनिटांचा फरक, १८७० पासून मद्रास वेळेचा ५ तास २१ मिनिटांचा, आणि १ जानेवारी १९०६ पासून साडेपाच तासांचा. मुंबई वेळ, म्हणजे यूटीसीच्या पुढे ४ तास ५१ मिनिटे, तिच्यात नाही. मुंबईने मात्र ती सहज सोडली नव्हती. १८८१ च्या सुमारास सरकारी कचेऱ्यांत मद्रास वेळ आणण्याचा प्रयत्न झाला आणि दोनेक वर्षांत मागे घ्यावा लागला. १९०६ नंतरही शहरात जुनी वेळ चालू राहिली. तिचा शेवट सहसा १९५५ मध्ये धरला जातो. हे साल नागरी व्यवहारापुरते मानावे, कारण रेल्वे व तारखाते बरेच आधी प्रमाण वेळेवर गेले होते. महायुद्धकाळात, १ सप्टेंबर १९४२ ते १५ ऑक्टोबर १९४५, देशभर घड्याळे एक तास पुढे होती. संग्रहात ऑक्टोबर १९४१ ते मे १९४२ असाही एक तास दिसतो, पण तो बंगालपुरता असावा. फोनवर जन्मपत्रिका मांडणारी ॲप हेच कोष्टक वापरत असतील, तर जानेवारी १९४२ मध्ये राजापुरात झालेल्या जन्माला हा बंगालचा तास लावला जाण्याचा धोका आहे. जुन्या पत्रिकेसाठी फरक हाताने भरणेच इष्ट.

*समुद्रावरील वापर.* होडीवरील जीपीएस यंत्र यूटीसीवर ठेवलेले असते तेव्हा फोनपेक्षा साडेपाच तास मागे दिसते; दोष नसतो, त्यात अधिक ५.३० भरावे लागतात. रेंजबाहेर फोनची वेळ ताडण्यासाठी याहून चांगले साधन नाही. भरती-सुकतीच्या वेळा देणारी काही परदेशी ॲप यूटीसी वापरतात. भरतीपासून सुकतीपर्यंत सव्वासहा तासांच्या आसपास लागतात, म्हणजे साडेपाच तासांच्या चुकीने भरतीच्या जागी जवळजवळ सुकतीच येते. वाळूने उथळ झालेल्या खाडीमुखातून होडी आत घेणाऱ्याला ही चूक परवडत नाही. पडताळ्यासाठी किनाऱ्यावरचा जुना हिशेब कामी येतो : तिथीची पाऊणपट म्हणजे भरतीचा तास. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. हे गणित स्थूल आहे आणि ठिकाणागणिक अर्धा-एक तास सरकते. ते प्रमाण वेळेपूर्वीचे, म्हणजे सूर्यावरच्या वेळेचे, मानणे अधिक सयुक्तिक वाटते. रत्नागिरीची सूर्यावरची वेळ भारतीय प्रमाण वेळेच्या सुमारे ३७ मिनिटे मागे असते. पण ॲप अष्टमीला दुपारी १२ ची भरती दाखवत असेल, तर झोन तपासायला तेवढे पुरेसे आहे.

*गजर.* गजराचा आवाज रिंगच्या आवाजाहून वेगळा असतो आणि तो स्वतंत्र वाढवावा लागतो. पहाटे ४ चा गजर पीएममध्ये लागू नये म्हणून २४ तासांची मांडणी ठेवावी. बहुतेक फोन पूर्ण बंद असताना गजर वाजवत नाहीत. बाहेरून घेतलेले गजर-ॲप बॅटरी बचतीच्या यादीतून वगळावे, नाहीतर रात्रीत फोन ते बंद करतो.

ज्या जुन्या फोनांत सेकंदांची मोजणी ३२ बिटांत (शून्य-एकच्या ३२ जागांत) साठवली जाते, त्यांच्यातील ही जागा १९ जानेवारी २०३८ रोजी भारतीय वेळेनुसार सकाळी ८ वाजून ४४ मिनिटे ७ सेकंदांनी भरते. पुढच्या सेकंदाला ते डिसेंबर १९०१ दाखवू शकतात. हाताने वेळ भरून हा दोष जात नाही. नव्या ६४ बिटी फोनांना तो लागू नाही.