कॅरोल घराणं: मेरीलँडच्या कॅथलिक जमीनदारांची पार्श्वभूमी

१८०२चा वसईचा तह आणि पुढच्या वर्षीची असईची लढाई झाली तेव्हा कलकत्त्यात गव्हर्नर-जनरल होता रिचर्ड वेलस्ली. १८२५मध्ये, आयर्लंडचा व्हाइसरॉय असताना, त्याने मेरीॲन कॅटन या अमेरिकन विधवेशी लग्न केलं. ती कॅथलिक होती. तिचे आजोबा चार्ल्स कॅरोल म्हणजे अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर सही करणारे एकमेव कॅथलिक.

घराणं मूळचं आयर्लंडचं. चार्ल्सचे आजोबा १६८८मध्ये अमेरिकेतल्या मेरीलँड या इंग्रज वसाहतीचे ॲटर्नी जनरल म्हणून आले. वर्षभरात प्रोटेस्टंटांनी उठाव करून सत्ता घेतली आणि त्यांचं पद गेलं. कॅथलिक लॉर्ड बाल्टिमोरने वसवलेल्या या वसाहतीत मग कॅथलिकांनाच मतदान, सरकारी पदं आणि उघड उपासना बंद झाली. जमीन जमवणं आणि सावकारी यांना मात्र आडकाठी नव्हती. कॅरोलांनी तेच केलं, आणि गडगंज झाले.

चार्ल्सचा जन्म १९ सप्टेंबर १७३७चा, ॲनापोलिसचा. आईवडील एकत्र राहत, पण त्यांचं लग्न लागलं १७५७मध्ये, मुलगा विशीला टेकल्यावर! तोवर तो कायद्याने वारसच नव्हता. मुलगा लायक निघतो का ते पाहून मगच इस्टेट द्यायची, असा वडिलांचा हिशेब असावा. धोरणी माणूस, पण मला तरी निष्ठुर वाटतो. मुलाला कोवळ्या वयातच फ्रान्समधल्या सेंट ओमेरच्या जेझुइट शाळेत धाडलं. पुढे पॅरिस, लंडन. १७६५मध्ये तो परतला तेव्हा आई जाऊन चार वर्षं झाली होती.

१७७३मध्ये त्याने ‘फर्स्ट सिटिझन’ या टोपणनावाने वर्तमानपत्रातून गव्हर्नरच्या मनमानी शुल्कवसुलीवर टीका केली. प्रतिपक्षाचे डॅनियल ड्युलानी मुद्दा सोडून त्याच्या धर्मावर घसरले, आणि मताचाही हक्क नसलेला हा माणूस लोकांचा पुढारी झाला. १७७६ला सही, पुढे सिनेटर.

पत्नी मॉलीशी झालेल्या संसारात सात मुलं, त्यातली तीनच जगली. एकुलता मुलगा दारूपायी बापाआधी गेला. चार्ल्स स्वतः ९५ वर्षं जगले, सही करणाऱ्यांत सर्वांत शेवटी, १८३२मध्ये वारले. त्यांच्या मळ्यांवर शेकडो गुलाम राबत. गुलामगिरी टप्प्याटप्प्याने संपवण्याचं विधेयक त्यांनी १७९७मध्ये मांडलं. ते फेटाळलं गेलं. स्वतःच्या मळ्यांवर मात्र त्यांनी ती अखेरपर्यंत चालू ठेवली.