सरस्वती देवी

सरस्वती देवी : (१९१२–१९८०). बोलपटाच्या आरंभकाळातील हिंदी चित्रपटांच्या संगीतकार. मूळ नाव खुर्शीद मिनोचेर-होमजी. जन्म मुंबईच्या पारशी कुटुंबात. शास्त्रीय संगीताचे शिक्षण विष्णु नारायण भातखंडे यांच्याकडे. मुंबई नभोवाणीवरील ‘होमजी सिस्टर्स’चे कार्यक्रम त्या काळी लोकप्रिय होते.

चित्रपटनिर्माते हिमांशू राय यांनी त्यांना बॉम्बे टॉकीज या आपल्या चित्रपटसंस्थेत आणले. पहिला चित्रपट ⇨जवानी की हवा (१९३५). त्यात बहीण माणेक हिने भूमिका केली. पारशी मुलींनी चित्रपटात यावे हे समाजातील अनेकांना मानवले नाही, विरोध झाला. म्हणून दोघींना सरस्वती देवी व चंद्रप्रभा ही नावे देण्यात आली.

याच चित्रपटामुळे पार्श्वगायनाच्या आरंभाचा वाद उद्भवतो. चंद्रप्रभाचा घसा बसल्यामुळे एका गीताच्या वेळी तिने कॅमेऱ्यासमोर केवळ ओठ हलवले व सरस्वती देवींनी कॅमेऱ्याच्या कक्षेबाहेरून गायिले, असे सांगितले जाते. सर्वसाधारणपणे पहिल्या पार्श्वगायनाचा मान संगीतकार रायचंद बोराल यांच्या धूप छाँव (१९३५) या चित्रपटास देतात. तेथे गीत आधी ध्वनिमुद्रित करून मग चित्रित केले होते. जवानी की हवामध्ये गायन व चित्रण एकाच वेळी झाले. पार्श्वगायन हे तंत्र मानल्यास बोराल यांचा दावा अधिक ग्राह्य वाटतो. परंतु चेहरा एकीचा व आवाज दुसरीचा, ही युक्ती दोन्हीकडे एकच आहे. ‘पहिल्या स्त्री-संगीतकार’ हे बिरुदही निर्विवाद नाही : बिब्बो (अदल-ए-जहांगीर, १९३४) व जद्दनबाई (तलाश-ए-हक, १९३५) यांची नावे पुढे केली जातात. तथापि स्टुडिओत वर्षानुवर्षे संगीतदिग्दर्शन करणाऱ्या पहिल्या स्त्रियांत त्यांचे स्थान अग्रगण्य आहे.

बॉम्बे टॉकीजचे नायक-नायिका अशोककुमार व देविका राणी आपली गीते स्वतः गात; पण ते सराईत गायक नव्हते. त्यांना पेलतील अशा, आटोपशीर पल्ल्याच्या व ताना-मुरक्या टाळणाऱ्या चाली सरस्वती देवींनी बांधल्या. राग न सोडता केलेला हा सोपेपणा हेच त्यांचे खरे कर्तृत्व होय. अछूत कन्या (१९३६) मधील ‘मैं बन की चिड़िया’ हे त्याचे उत्तम उदाहरण. जीवन नैया (१९३६) मधील ‘कोई हमदम न रहा’ पुढे किशोरकुमार यांनी झुमरू (१९६१) मध्ये नव्याने गायिले. कंगन, बंधन (रामचंद्र पाल यांच्यासह) व झूला (१९४१) हे त्यांचे अन्य उल्लेखनीय चित्रपट. श्रीनाथ त्रिपाठी हे त्यांचे साहाय्यक होते.

बॉम्बे टॉकीज सोडल्यावर त्यांनी मिनर्व्हा मूव्हीटोनच्या पृथ्वीवल्लभ (१९४३) या चित्रपटास रफीक गजनवी यांच्यासह संगीत दिले. त्यानंतर त्यांचे चित्रपटकार्य विरळ होत गेले.