स्टेफान झेरोम्स्की: फसलेल्या उठावाचा वारसा

पोलिश कादंबरीकार स्टेफान झेरोम्स्की यांचा जन्म १४ ऑक्टोबर १८६४ रोजी किएल्त्से शहराजवळच्या स्ट्राव्चिन या खेड्यात झाला, तेव्हा रशियन सत्तेविरुद्धचा जानेवारी उठाव नुकताच चिरडला गेला होता. त्याच वर्षी झारने हुकूम काढून पोलिश कुळांना जमिनीची मालकी दिली. पिढ्यान्‌पिढ्या वेठीला राबलेल्या शेतकऱ्याला जमीन मिळाली ती झारकडून. देशासाठी लढलेल्या सरदारवर्गाकडून नव्हे. हा सल झेरोम्स्कींच्या लेखनातून कधीच गेला नाही, कारण ते स्वतः त्याच वर्गातल्या, पण ओढगस्तीला आलेल्या घरातले होते.

१८९५ मध्ये क्राकुफला टोपणनावाने छापलेल्या त्यांच्या एका कथेत रशियन सैनिकांनी ठार केलेला बंडखोर माळावर पडलेला आहे, आणि एक गरीब शेतकरी त्याच्या अंगावरचे कपडे व पट्टे काढून घेतो, मेलेल्या घोड्याचे कातडे सोलतो. लेखक त्या शेतकऱ्याला दोष देत नाही. शतकानुशतकांच्या गुलामीचे फळ म्हणून हे दृश्य तो वाचकापुढे ठेवतो.

किएल्त्सेच्या रशियन माध्यमाच्या शाळेतील दिवस ‘सिसिफसचे श्रम’ (म्हणजे कधीच फळ न येणारे श्रम) या अर्थाच्या शीर्षकाच्या कादंबरीत आले आहेत. रशियन राजवटीत ती छापणे अशक्य असल्याने १८९७ मध्ये ती ऑस्ट्रियाच्या ताब्यातील क्राकुफच्या दैनिकातून क्रमशः प्रसिद्ध झाली. वर्गात नव्याने आलेला विद्यार्थी पोलंडचा राष्ट्रकवी मित्स्कीएविच याची बंदी असलेली कविता म्हणू लागतो, आणि नोकरी जाण्याच्या धास्तीने आयुष्यभर दबून वागलेले शिक्षक त्याला थांबवत नाहीत. त्यांचे डोळे भरून येतात. मला ही त्यांची सर्वांत निर्दोष कादंबरी वाटते.

शालान्त परीक्षा पदरात न पडल्याने झेरोम्स्की वॉर्साच्या पशुवैद्यकीय संस्थेत गेले, गरिबीमुळे तेही अर्धवट राहिले, आणि मग जमीनदारांच्या वाड्यांवर मुलांच्या शिकवण्या करण्यात काही वर्षे गेली. पुढे स्वित्झर्लंडमधील राप्पर्सविलच्या पोलिश संग्रहालयात व नंतर वॉर्सात ते ग्रंथपाल होते.

१९०० सालच्या ‘बेघर माणसे’ने त्यांचे नाव सर्वतोमुखी केले. चांभाराचा मुलगा असलेला डॉक्टर युदिम पॅरिसहून परततो आणि वॉर्सातील डॉक्टरांच्या बैठकीत गरिबांच्या आरोग्याची जबाबदारी त्यांच्यावर टाकतो; उत्तरादाखल त्याच्या वाट्याला नापसंती येते. वहिनीला भेटायला तो सिगारच्या कारखान्यात जातो, तो प्रसंग आजही अंगावर येतो: तंबाखूची धूळ, कोंदट हवा आणि यंत्राच्या गतीने चालणारे बायकांचे हात. शेवटी तो प्रेमाचा त्याग करतो आणि खाणीमुळे खचलेल्या जमिनीच्या कडेला एक दुभंगलेले पाइनचे झाड पाहतो. हा त्याग थोडा ओढूनताणून आणलेला वाटतो; पण पुढच्या पिढीतील सुशिक्षित पोलिश तरुणांनी युदिमलाच आदर्श मानले.

लेखनाबाहेरही त्यांनी काम केले. १९०५ च्या क्रांतीनंतर नावेंचूफ गावात ते शिक्षणप्रसाराच्या चळवळीत होते.

१९१८ मध्ये पोलंड स्वतंत्र झाला, तरी त्यांचे समाधान झाले नाही. अखेरच्या ‘वसंताच्या आधी’ या कादंबरीचा नायक कॅस्पियन समुद्राकाठच्या बाकू शहराहून येतो तो वडिलांनी रंगवलेल्या काचेच्या घरांच्या पोलंडचे स्वप्न घेऊन. सरहद्दीवर त्याला दिसते ती चिखलाची, कळकट वस्ती. कादंबरीच्या शेवटी तो कामगारांच्या मोर्चात राष्ट्राध्यक्षांच्या बेल्वेदेर प्रासादावर चालून जातो. त्यावरून लेखकावर साम्यवादाचा आरोप झाला आणि आपण त्या मताचे कधीच नव्हतो, असा जाहीर खुलासा त्यांना करावा लागला. २० नोव्हेंबर १९२५ रोजी वॉर्साच्या राजवाड्यात, सरकारने दिलेल्या घरात, त्यांचे निधन झाले.