तुझं कितीचं व्हर्जन आहे?

२००९च्या दिवाळीच्या सुट्टीत सांगलीतल्या एका कॅफेत आम्ही दहाजण काउंटर-स्ट्राइक हा गोळीबाराचा गेम एकमेकांशी जोडलेल्या संगणकांवर खेळायला बसलो होतो. नऊ मशीन सर्व्हरला लागली, सात नंबरचं काही केल्या लागेना. आयपी बरोबर होता, केबल नीट होती. जॉइन केलं की इंग्रजीत एक ओळ यायची आणि गेम पुन्हा मेनूवर. कॅफेवाला दादा आला. त्याने एकच्या आकड्याशेजारचं टिल्डचं (~) बटण दाबून कन्सोल, म्हणजे गेमला टाइप करून हुकूम द्यायची खिडकी, उघडला, 'व्हर्जन' टाइप करून एंटर मारला आणि आलेल्या ओळींतल्या पहिल्या ओळीवर बोट ठेवलं. "हे सत्तेचाळीस आहे रे, बाकीची अठ्ठेचाळीस." मग शेजारच्या मशीनवरून लॅनने, म्हणजे कॅफेतल्या केबलच्या जाळ्यातून, अख्खं फोल्डर ओढून घेतलं आणि पंधरा-वीस मिनिटांत सात नंबरवाला आत आला.

डेस्कटॉपवर दहाही मशीनच्या आयकॉनखाली एकच नाव होतं, १.६. तोपर्यंत मी तेच व्हर्जन समजत होतो. त्या दिवशी कळलं की नावातला आकडा एक असतो आणि आतले आकडे वेगळेच. कन्सोलमध्ये 'व्हर्जन' टाकलं की काउंटर-स्ट्राइक तीन गोष्टी सांगतो. दोन मशीन एकमेकांशी कोणत्या रीतीने बोलणार तो प्रोटोकॉल क्रमांक, मग प्रोग्रामच्या फाइलचा क्रमांक, आणि शेवटी ती फाइल कधी तयार झाली त्याची तारीख, वेळ आणि बिल्ड क्रमांक, म्हणजे ती कितव्यांदा घडवली त्याचा आकडा. १.६ हे नाव २००३ मध्ये पडलं ते कायमचं. आतला गेम पुढे कित्येक वर्षं बदलत राहिला.

पुस्तकाच्या सुरुवातीच्या पानावर 'पहिली आवृत्ती', 'दुसरी आवृत्ती', 'पुनर्मुद्रण' असं छापलेलं आपण पाहतो. गेमचं व्हर्जन म्हणजे तेच, पण एका बाबतीत गोष्ट वेगळी आहे. माझ्याकडे पहिली आवृत्ती आणि तुमच्याकडे तिसरी असली, तरी आपण एकाच पुस्तकावर गप्पा मारू शकतो. गेममध्ये ते जमत नाही. त्यामुळे हा आकडा तपासायची सवय कुठून आली हे शोधत गेलं, की आपण एकत्र खेळण्याच्या इतिहासात जाऊन पोहोचतो.

त्याआधीचा काळ कॅसेटचा. नव्वदच्या दशकात आपल्याकडे टीव्हीला जोडायच्या व्हिडिओ गेमच्या कॅसेटवर '९९९९ इन १' असे आकडे असत. व्हर्जन कुणी विचारत नसे, कारण कॅसेटमधला गेम चिपवर कायमचा कोरलेला असे. विकली गेलेली कॅसेट बदलत नाही हे खरंच आहे. पण कारखान्यातून निघणाऱ्या पुढच्या खेपेत बदल झालेला असू शकतो, आणि तो होतही असे. निन्टेंडोच्या गेमबॉय कॅसेटच्या सुरुवातीच्या माहितीत यासाठी एक बाइट राखून ठेवलेला आहे. तिथे सहसा शून्य असतं आणि दुरुस्त केलेल्या खेपेत एक. खेळणाऱ्याला तो आकडा पडद्यावर कुठेही दिसत नाही.

याचं सगळ्यात प्रसिद्ध उदाहरण म्हणजे निन्टेंडो ६४ वर १९९८ मध्ये आलेला 'द लेजंड ऑफ झेल्डा : ओकारिना ऑफ टाइम'. अमेरिकेत त्याच्या तीन खेपा निघाल्या, १.०, १.१ आणि १.२. खोक्यावर याचा उल्लेख नाही. पण शेवटच्या खेपेत आगीच्या मंदिरातलं संगीत बदललेलं आहे आणि खलनायक गॅनॉनडॉर्फचं लाल रक्त हिरवं झालेलं आहे. आपल्याकडे कोणती खेप आहे हे ओळखायला लोक कॅसेटच्या लेबलवर दाबून उमटवलेला दोन आकडी शिक्का उजेडात तिरका धरून वाचतात. आकड्यापुढे अक्षर नसेल तर १.०, 'ए' असेल तर १.१ आणि 'बी' असेल तर १.२. कारखान्याने स्वतःच्या सोयीसाठी मारलेला शिक्का असा खेळणाऱ्यांच्या उपयोगी पडला.

पडद्यावर मोठ्या अक्षरांत व्हर्जन सांगण्याची पद्धत पीसीवर रुजली. तिची मुळं नीट पाहायची तर राक्षसांवर गोळ्या झाडायच्या 'डूम' या गेमपाशी थांबावं लागतं. टेक्सासच्या इड सॉफ्टवेअरने १० डिसेंबर १९९३ रोजी डूमचा पहिला भाग विस्कॉन्सिन विद्यापीठाच्या सर्व्हरवर फुकट ठेवला. फ्लॉपीवरून फ्लॉपीवर, बुलेटिन बोर्डांवरून मोडेमने, असा तो पसरला. त्यानंतर दुरुस्त्या सुरू झाल्या. १.१, १.२, मग १.६६६ आणि १९९५ मध्ये १.९. डूम सुरू करताना डॉसच्या काळ्या पडद्यावर वरच्या पट्टीतच व्हर्जन झळकायचं, त्यासाठी कुठे शोधाशोध करावी लागत नसे.

इतकं ठळक का? याचं कारण डूमच्या रचनेत आहे. डूममध्ये आपला खेळ 'डेमो' म्हणून रेकॉर्ड करता यायचा. पण त्या फाइलमध्ये चित्र नसतं, आवाज नसतो, राक्षस कुठे उभे होते हेही नसतं. खेळणाऱ्याने सेकंदाच्या प्रत्येक पस्तिसाव्या भागात काय केलं एवढंच असतं : पुढे गेला, वळला, गोळी झाडली. डेमो बघताना गेम पहिल्यापासून पुन्हा खेळला जातो आणि या नोंदी खऱ्या हातांच्या जागी वापरल्या जातात. गोळीने किती इजा केली हे ठरवणारे यादृच्छिक आकडेसुद्धा २५६ संख्यांच्या एका ठरलेल्या तक्त्यातून क्रमाने घेतले जातात, त्यामुळे ते प्रत्येक वेळी तसेच येतात.

आता समजा नव्या व्हर्जनमध्ये एखाद्या राक्षसाच्या वागण्यात किंचित फरक केला. तक्त्यातला एक आकडा एक पायरी आधी उचलला जातो. गोळी चुकते, राक्षस मरत नाही, तो दारात उभा राहतो. नोंदीप्रमाणे खेळाडू मात्र चालत राहतो आणि राक्षसावर आपटतो. पुढची पाच मिनिटं तो भिंतीला नाक लावून रिकाम्या जागी गोळ्या झाडत असतो. मी असा बिघडलेला डेमो पाहिलेला आहे आणि तो पाहताना खरोखर वाईट वाटतं, कारण कुणीतरी मेहनतीने केलेला खेळ डोळ्यांदेखत विस्कटत जातो.

म्हणूनच डेमो फाइलचा अगदी पहिला बाइट व्हर्जनचा आहे. १.९ साठी तिथे १०९ असतं. डूम आधी तो बाइट वाचतो, जुळला नाही तर हा डेमो वेगळ्या व्हर्जनचा आहे असं सांगून थांबतो. चारजण नेटवर्कवर खेळतानाही हेच तत्त्व. प्रत्येक मशीन दुसऱ्याला फक्त बटणांची खबर देतं आणि पूर्ण खेळ आपल्यापुरता स्वतः चालवतं. दोन व्हर्जन एकत्र आली तर दोघांच्या पडद्यावर दोन वेगळ्या लढाया सुरू होतील. ते टाळायला डूम सुरुवातीलाच सगळ्यांचा क्रमांक पडताळतो आणि वेगळा असेल तर खेळच सुरू करत नाही. साम्राज्यं उभारून लढायचा एज ऑफ एम्पायर्स हा गेमही अशाच रीतीने चालतो. ज्यांनी हॉस्टेलच्या लॅनवर 'आउट ऑफ सिंक' होऊन तासाभराचा डाव गमावला आहे, त्यांना हे वेगळं समजवायला नको.

डूमनंतर १९९६ मध्ये आलेल्या 'क्वेक'ने खेळणाऱ्याच्या हाती कन्सोल दिला. त्याच क्वेकच्या इंजिनावर, म्हणजे गेम चालवणाऱ्या मूळ प्रोग्रामवर, व्हॅल्व्ह कंपनीने 'हाफ-लाइफ' उभा केला (१९९८), आणि मिन्ह ले आणि जेस क्लिफ या दोघांनी हाफ-लाइफचं मॉड, म्हणजे चाहत्यांनी केलेला फेरबदल, म्हणून १९९९ मध्ये काउंटर-स्ट्राइकचा पहिला बीटा, म्हणजे चाचणीची प्रत, काढला. सांगलीच्या कॅफेत दादाने दाबलेलं टिल्डचं बटण असं वारशाने आलेलं होतं.

त्या काळात अपडेट म्हणजे पॅच, दुरुस्तीची वेगळी फाइल, आणि पॅच शोधून लावणं हे खेळणाऱ्याचं काम. डायल-अपवर काही एमबी उतरवायला रात्र जायची. संगणकाच्या मासिकांसोबत येणाऱ्या सीडीवर पॅच मिळाला तर तो नशिबाचा भाग. नवा पॅच आला की सर्व्हर एका व्हर्जनवर आणि अर्धे खेळाडू दुसऱ्यावर, असे दोन तट पडायचे आणि खेळायला माणसंच कमी पडायची. या दुखण्यावर उपाय म्हणून व्हॅल्व्हने २००२ मध्ये इंटरनेटवरून गेम पुरवणारं आणि अपडेट करणारं स्टीम जाहीर केलं आणि सप्टेंबर २००३ मध्ये सुरू केलं. काउंटर-स्ट्राइक १.६ त्याच्यासोबत आला. २००४ च्या जुलैत जुनी नेटवर्क सेवा बंद झाल्यावर १.५ वर अडून बसलेल्यांनाही इकडे यावं लागलं. त्यापुढे स्टीम आपोआप अपडेट करू लागलं, नावातला आकडा बदलायची गरजच उरली नाही आणि १.६ तिथेच गोठलं. आपल्याकडच्या बऱ्याच कॅफेंत मात्र इंटरनेट तुटपुंजं, स्टीमशी संबंध नाही, त्यामुळे एका मशीनवरून दुसऱ्यावर कॉपी होत आलेल्या प्रती वर्षानुवर्षं चालू राहिल्या. सत्तेचाळीस आणि अठ्ठेचाळीस एकाच खोलीत सापडले ते त्यामुळे.

जुन्याला चिकटून राहण्याचं कारण दर वेळी गैरसोय हेच असतं असं नाही. 'जीटीए सॅन अँड्रियास' पीसीवर २००५ च्या जूनमध्ये आला. त्यात बंद करून ठेवलेला एक अश्लील भाग मॉडवाल्यांनी उघडला, त्यावर अमेरिकेत गदारोळ झाला, गेमचं वयाचं प्रमाणपत्र जुलैत बदललं गेलं आणि तो भाग काढून टाकलेलं १.०१ बाजारात आलं. त्यात मॉडचे रस्तेही बंद केलेले होते. बाकी सगळी मॉडं, म्हणजे नव्या गाड्या, नवे रस्ते, नवे कपडे, १.० वरच लिहिली जात राहिली. आपल्याकडे कोणतं आहे हे बघायला लोक गेम सुरू करणाऱ्या एक्सई फाइलवर राइट-क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये आकार बघू लागले. १,४३,८३,६१६ बाइट असतील तर ते मॉडवाल्यांना हवं असलेलं १.०. पडद्यावर आकडा नसला की लोक फाइलचं वजन करतात. व्हर्जन ओळखण्याची ही युक्ती मला फार आवडते, तिच्यात सराफाची नजर आहे.

ठोकळ्यांचं जग बांधायच्या 'माइनक्राफ्ट' या गेमने याबाबतीत चांगला पायंडा पाडला. त्याच्या संगणकावरच्या जावा आवृत्तीत मुख्य पडद्याच्या डाव्या कोपऱ्यात खाली क्रमांक कायम दिसतो, खेळताना एफ३ दाबलं तरी वर येतो. शिवाय २०१३ पासून त्याचा लाँचर, म्हणजे गेम सुरू करून देणारा प्रोग्राम, हवं ते जुनं व्हर्जन निवडू देतो. याचं मोल कळतं ते वर्षानुवर्षं बांधत आणलेलं जग उघडताना. नोव्हेंबर २०२१ च्या १.१८ मध्ये डोंगर-दऱ्या घडवण्याची रीतच बदलली, त्यामुळे तोच सीड, म्हणजे ज्या आकड्यावरून गेम जग घडवतो तो, टाकला तरी जमीन वेगळी निघते. नव्या व्हर्जनमध्ये उघडलेलं जग पुन्हा जुन्यात नेलं तर ते बिघडू शकतं. म्हणून आधी क्रमांक बघायचा, फोल्डरची कॉपी काढून ठेवायची, मगच उघडायचं. फोनवरची बेडरॉक आवृत्ती वेगळी आणि तिचे क्रमांकही वेगळे चालतात. ताई फोनवर आणि दादा लॅपटॉपवर जावावर खेळत असेल तर आकडे जुळवून उपयोग नाही.

फोनवर हा आकडा आणखी एका आडोशामागे गेला. अँड्रॉइड अॅपला दोन क्रमांक असतात : आपल्याला दिसणारं नाव, जे बनवणारा हवं ते लिहू शकतो, आणि आतला पूर्णांक, जो प्रत्येक अपडेटला वाढलाच पाहिजे. फोन नवं-जुनं ठरवतो ते या आतल्या आकड्यावरून. शिवाय प्ले स्टोअरवर अपडेट आधी थोड्या टक्के लोकांना आणि मग सगळ्यांना, असं टप्प्याटप्प्याने सोडता येतं. एकाच घरातल्या दोन भावंडांपैकी एकाला सकाळी अपडेट आलेलं असतं, दुसऱ्याला नाही, आणि 'तू मला रूममध्ये घेत नाहीस' म्हणून भांडण जुंपतं. सप्टेंबर २०२० मध्ये भारतात पबजी मोबाइलवर बंदी आली, जुलै २०२१ मध्ये त्याच गेमची भारतासाठीची प्रत बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया) आली, तेव्हा तर एकाच गेमची भारतातली प्रत वेगळी आणि बाहेरची वेगळी झाली. मग आधी 'कोणता?' आणि नंतर 'कितीचा?' असे दोन प्रश्न विचारावे लागले.

आज बघायचं कुठे, तर फोनवर सेटिंग्जमधल्या अॅप्सच्या यादीत गेम उघडून माहितीच्या पानाच्या तळाशी. प्लेस्टेशनवर गेमच्या चित्रावर उभं राहून ऑप्शन्सचं बटण आणि मग माहिती. निन्टेंडो स्विचवर प्लसचं बटण. स्टीमवर गेमवर राइट-क्लिक, प्रॉपर्टीज, आणि अपडेट्सच्या पानावर बिल्ड आयडी.

त्याच प्रॉपर्टीजमध्ये 'बीटाज'चं, म्हणजे गेमच्या चाचणीच्या आणि जुन्या प्रती निवडायचं, एक पान असतं. २७ सप्टेंबर २०२३ रोजी काउंटर-स्ट्राइक २ आला तो वेगळा गेम म्हणून आला नाही. स्टीमच्या लायब्ररीत जिथे आधीचा काउंटर-स्ट्राइक, म्हणजे सीएस:गो (काउंटर-स्ट्राइक : ग्लोबल ऑफेन्सिव्ह), होता तिथेच तो अपडेट होऊन बसला. लोकांनी अकरा वर्षं जमवलेले सीएस:गोचे डेमो नव्या गेममध्ये चालेनात. ते बघता यावेत म्हणून व्हॅल्व्हने बीटाजच्या यादीत सीएस:गोची एक जुनी शाखा ठेवली. एखाद्याला आपल्या कॉलेजच्या टीमची जुनी मॅच बघायची असेल, तर तो त्या यादीतून ती शाखा निवडतो आणि आपला जुना गेम पुन्हा उतरायची वाट बघत बसतो.