तुटलेलं गांडूळ वळवळतं कशामुळे? एका चेतासंस्थेच्या शोधाची पार्श्वभूमी

मृगाचा पाऊस झाला, काळ्या रानात ओल उतरली की परभणी-नांदेडकडे कुदळीखाली गांडुळं सापडू लागतात. एखादं तुटतं, दोन्ही तुकडे वळवळतात आणि ‘एकाची दोन झाली’ असं बघणारे खात्रीनं सांगतात. तसं होत नाही. अनेक जातींत डोक्याकडच्या तुकड्याला नवी शेपटी फुटते; शेपटीकडचा तुकडा मात्र सहसा मरतो. पण डोकं नसलेला तुकडा इतका वेळ हालतो कसा, हा प्रश्न अगदी रास्त आहे. त्याचा उलगडा व्हायला अडीचशेहून अधिक वर्षं लागली.

सुरुवात मेंदूच्या शोधानंच झाली. मानवी मेंदूच्या अभ्यासासाठी ओळखला जाणारा इंग्रज वैद्य थॉमस विलिस यानं १६७२ साली प्राण्यांच्या आत्म्यावर लॅटिन ग्रंथ लिहिला आणि त्यात गांडुळाची अंतर्रचनाही मांडली. पुढे सूक्ष्मदर्शक सुधारत गेले तसा आराखडा स्पष्ट झाला. तोंडामागे, घशाच्या वर गुच्छिकांची, म्हणजे चेतापेशींच्या गाठींची, एक जोडी असते, तोच मेंदू. तिथून दोन दोरे घशाला वळसा घालून खाली येतात आणि घशाखालच्या गुच्छिकांना मिळतात. हेच ‘नर्व्ह रिंग’ नावाचं कडं. त्यापुढे पोटाच्या बाजूनं पांढरा चेतारज्जू थेट शेपटीपर्यंत जातो, आणि शरीराच्या प्रत्येक वलयात, म्हणजे खंडात, तो गुच्छिकेनं थोडा फुगलेला असतो. दिसायला एकच असला तरी मुळात ते दोन रज्जू एकमेकांना चिकटलेले आहेत. आपल्या पाठीच्या कण्यातला मज्जारज्जू पाठीकडे असतो, गांडुळाचा पोटाकडे. म्हणून त्याचं डिसेक्शन नेहमी पाठीवरून चीर देऊन करायचं, नाहीतर कात्री नेमकी रज्जूवरच चालते.

हे कडं, हा रज्जू नेमकं काय करतात हे मात्र १८९० च्या दशकापर्यंत धूसर होतं. १८९२ मध्ये लेनहोसेक आणि रेट्झियस या संशोधकांनी गॉल्जीची चांदीची रंगपद्धत, म्हणजे मोजक्या चेतापेशी पूर्ण काळ्या करून उठवणारी रीत, गांडुळावर वापरली. त्वचेतल्या संवेदी पेशींचे तंतू रज्जूत शिरून तिथे संपताना त्यांना दिसले. चेतासंस्था सुट्या पेशींची बनलेली आहे की सलग जाळ्याची, हा त्या काळचा सर्वांत कडवा वाद होता, आणि हा पुरावा सुट्या पेशींच्या बाजूनं पडला. हंगेरीचे आपाथी यांनी मात्र जळू आणि गांडुळातलेच बारीक तंतू दाखवून जाळ्याचा पक्ष लढवला.

माझ्या मते या कथेतला सर्वांत सुंदर प्रयोग बेनेडिक्ट फ्रीडलेंडर यांचा, १८९४ सालचा. त्यांनी गांडुळाचे दोन भाग केले आणि ते दोऱ्यानं जोडले. मधे चेतारज्जूचा धागाही उरला नव्हता. तरी पुढचा भाग सरकला की दोरा ताणला जाई, मागच्या भागाला ओढ बसे आणि तोही ठेका धरून चालू लागे. म्हणजे चालण्याचा हुकूम मेंदूतूनच यावा लागतो असं नाही. ताण बसला की खंडातली गुच्छिका आपल्या स्नायूंना जागेवरच कामाला लावते. कुदळीनं तुटलेला तुकडा हालतो तो याच बळावर.

मग दचकून झटक्यात आखडणं कसं होतं? रज्जूच्या वरच्या बाजूला काही जाड, नळीसारखे तंतू आहेत. एकेकाळी काही अभ्यासकांना ते केवळ आधाराचे वाटले होते. १९३३ मध्ये एक्लस, ग्रानिट आणि यंग या शास्त्रज्ञांनी त्यांतले विद्युत्-संदेश नोंदवले. युरोपातल्या लुम्ब्रिकस गांडुळात डोक्याकडे स्पर्श झाला की मधला तंतू संदेश मागे नेतो, सेकंदाला साधारण २० ते ३० मीटर वेगानं; शेपटीला धक्का लागला की बाजूचे दोन तंतू पुढे नेतात, त्याहून संथपणे. याच यंग यांनी पुढे माखलीच्या नातलग स्क्विडमधले महातंतू पुढे आणले, ज्यांच्यावर हॉजकिन आणि हक्सले यांचं नोबेल-प्राप्त काम झालं.

आपल्याकडच्या वर्गात गांडूळ आलं ते मुख्यतः लखनौचे कर्म नारायण बहल यांच्यामुळे. फेरेटिमा या भारतीय गांडुळावरचा त्यांचा ग्रंथ १९२६ चा. १९७२ च्या वर्गीकरणानंतर फेरेटिमा पोस्थुमाला मेटाफायर पोस्थुमा म्हणतात, पण जुन्या जर्नलमध्ये पहिलंच नाव सापडतं. औरंगाबादला १९५० मध्ये मिलिंद महाविद्यालय आणि १९५८ मध्ये मराठवाडा विद्यापीठ उभं राहिलं. खेड्यापाड्यातून आलेल्या मुलामुलींना आपल्याच बांधावरच्या जीवाकडे विज्ञान म्हणून पाहायची दारं त्यामुळे उघडली, याचं मोल मला फार वाटतं. २०१४ मध्ये विद्यापीठ अनुदान आयोगानं प्राणिशास्त्रातलं डिसेक्शन बंद केलं आणि घशाभोवतीचं ते कडं आता तक्त्यावर, मॉडेलवर किंवा पडद्यावर पाहायचं असतं. हजारो जीव वाचले, हे योग्यच झालं.

जिवंत गांडुळाचं निरीक्षण मात्र कोणीही करू शकतं. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ रॉबर्ट यर्कीझ यांनी १९१२ मध्ये टी-आकाराच्या वाटेत एका गांडुळाला वळण शिकवलं, आणि पुढचे खंड, म्हणजे मेंदूसकट डोकं, काढल्यावरही त्यानं ते वळण घेतल्याची नोंद केली. त्यांची जात होती आयसेनिया फेटिडा. आज गांडूळखताच्या वाफ्यांत सर्रास वापरली जाते तीच.